जाई, जुई आणि हास्मीन: नावाचा 'अर्थ' नेमका कुठून येतो?

मुलींच्या नावांची कुठलीही यादी उघडा, छापील असो की मोबाईलवरची. दोन रकाने असतात. डावीकडे नाव, उजवीकडे अर्थ. यास्मीन किंवा जास्मिन या नावासमोर बऱ्याच याद्यांत 'देवाची देणगी' असं लिहिलेलं सापडेल. याच नावाचं स्पॅनिश रूप म्हणजे हास्मीन. लिहिताना सुरुवातीला इंग्रजी 'जे' असतो, पण उच्चार ह आणि ख यांच्या मधला. त्याच्याही समोर तेच. आणि आपल्या जाईसमोर? 'एक फूल.'

यातला पहिला अर्थ चूक आहे आणि दुसरा बरोबर असला तरी फारच कंजूष. ही पोस्ट या दोन रकान्यांवर टीका करण्यासाठी आहे. पेटची, नेटची तयारी करणारे बरेच जण विचारतात की लिटरेचर रिव्ह्यू म्हणजे नक्की काय करायचं. माझ्या विषयातला किचकट पेपर घेऊन ते समजावण्यापेक्षा एक साधं नाव घेऊन बसू या.

निमित्त घरचंच आहे. माझी एक मावसबहीण सध्या स्पेनमध्ये आहे. मुलीसाठी तिला असं नाव हवं होतं, जे तिथल्या बालवाडीत नीट उच्चारता येईल आणि इथे कोरेगावात आजीलाही परकं वाटणार नाही. तिचा तर्क असा: जाई आणि हास्मीन हा मुळात एकच शब्द आहे, फूल एकच, सुरुवातीचं अक्षरही एकच, म्हणजे हास्मीन ठेवलं तरी जाईच ठेवल्यासारखं. तर्क गोड आहे. पण त्यात दोन विधानं एकमेकांत मिसळली आहेत, आणि त्यांचे पुरावे वेगवेगळ्या कपाटांत ठेवलेले असतात.

पहिलं विधान: फूल एकच आहे. हे वनस्पतिशास्त्राचं काम. जाईचं शास्त्रीय नाव जास्मिनम ग्रँडिफ्लोरम, लिनियसने १७६२ साली दिलेलं. ग्रँडिफ्लोरम म्हणजे मोठ्या फुलांची. गंमत म्हणजे इंग्रजी बागकामाच्या पुस्तकांत याच वेलीला 'स्पॅनिश जास्मिन' म्हणतात. वेल मूळची स्पेनची नाही. तिचा नैसर्गिक पट्टा पूर्व आफ्रिका, अरबस्तान ते आपला उपखंड आणि चीनचा काही भाग असा आहे. नावात स्पेन आला म्हणून मूळ स्पेनमध्ये शोधायचं नसतं. सीताफळात सीता आहे, पण झाड अमेरिका खंडातून आलेलं आहे. आता स्पॅनिशमध्ये 'हास्मीन' हा शब्द जास्मिनम या सगळ्या प्रजातीसाठी वापरतात, एका जातीसाठी नाही. तेव्हा पहिलं विधान ढोबळमानाने बरोबर: जाई ही एक हास्मीन आहे. पण मोगराही आहे, जुईही आहे.

दुसरं विधान: शब्द एकच आहे. इथे बहिणीचा तर्क कोसळतो.

जाई संस्कृत 'जाती' पासून आली. प्राकृतात दोन स्वरांमधला त गळून पडतो. मातेची माय झाली, भ्रात्याचा भाऊ झाला, तशी जातीची जाई झाली. हा नियम आहे, एखाद-दुसरं उदाहरण नाही, म्हणून त्याला वजन आहे. याच 'जाती' शब्दाची दुसरी वाट तुमच्या स्वयंपाकघरात जाते. जातीफल म्हणजे जायफळ, जातीपत्री म्हणजे जायपत्री. जायफळाचं झाड आणि जाईची वेल यांचं कूळ पूर्ण वेगळं, पण शब्द एक. बघा, वनस्पतीचं नातं आणि शब्दाचं नातं किती स्वतंत्रपणे चालतात ते.

स्पॅनिश हास्मीन मात्र दुसऱ्याच दिशेने आली. स्पेनच्या मोठ्या भागावर आठव्या शतकापासून अरबी बोलणाऱ्यांचं राज्य होतं, शेवटचं ग्रानादा पडलं १४९२ साली. त्या काळात तिथल्या अरबीतून फुलाबागांचे कितीतरी शब्द स्पॅनिशमध्ये आले. संत्र्याच्या मोहराला 'असाआर' म्हणतात, लिलीला 'असुसेना', दोन्ही मुळात अरबीतून आलेले आणि दोन्ही मुलींची नावं म्हणूनही चालतात. हास्मीन त्याच रांगेतली. स्पॅनिशच्या आधी अरबी यास्मीन, त्याआधी पहलवी, म्हणजे जुन्या इराणी भाषेतला, 'यासमन'. माग लागतो तो इथपर्यंत. यात संस्कृत 'जाती' कुठेच नाही. स्पॅनिश शब्दातलं सुरुवातीचं अक्षर मुळात य आहे, आणि जाईतला ज मुळापासून ज आहे. कागदावर दोन्ही सारखे दिसतात, तो योगायोग.

इथे तुमच्यातला चौकस विद्यार्थी हात वर करेल: य चा ज होतोच की! होतो, आणि आपल्याकडे तो नियमाने होतो. यात्रेची जत्रा, योग्याचा जोगी, यवाचे जव. आणि याच नियमाने यूथिकेची जुई झाली. यूथ म्हणजे थवा, घोळका. झुपक्याने येणाऱ्या फुलाला ते नाव चपखल बसतं. म्हणजे जाई आणि जुई ही जोडी आपण एका दमात म्हणतो, पण एकीचा ज जन्मजात आहे आणि दुसरीचा कमावलेला. मग यास्मीनचा य ज होऊन 'जाई' झाली असं का म्हणायचं नाही? कारण मग पुढचा 'स्मीन' कुठे गेला ते सांगावं लागेल, आणि 'जायफळ'सुद्धा फारसीतून आलं असं सिद्ध करावं लागेल. एक गोष्ट जुळवायला गेलं की तीन मोडतात. गृहीतक तपासताना हाच प्रश्न विचारायचा असतो: हे खरं मानलं तर आणखी काय काय खरं असावं लागेल?

तुलनेसाठी एक असं उदाहरण घ्या जिथे नातं खरंच आहे. प्रयोगात कंट्रोल ठेवतो ना, तसं. स्पॅनिशमध्ये संत्र्याला 'नारांखा' म्हणतात. ते आलं अरबी 'नारंज' मधून, ते फारसी 'नारंग' मधून, आणि ते संस्कृत 'नारङ्ग' मधून. आपलं नारिंग तेच. इथे प्रत्येक पायरीवर रूप सापडतं, अर्थ बदलत नाही आणि फळाचा प्रवासही त्याच रस्त्याने झालेला आहे. शब्दांचं नातं सिद्ध झालं म्हणजे असं दिसतं. पहिलं अक्षर जुळलं एवढ्यावर सोयरीक होत नाही.

आता 'देवाची देणगी'. हा अर्थ तपासायला दोन मिनिटं पुरतात. फारसीत 'देवाने दिलेला' या अर्थाचं नाव आहेच: खुदादाद. त्यात 'खुदा' दिसतो, 'दाद' म्हणजे दिलेला हेही दिसतं. यास्मीनमध्ये देव कुठे आहे आणि देणं कुठे आहे? दोन्ही नाहीत. यास्मीन म्हणजे ते फूल, बस्स.

पण थोडं खोल गेलात तर एक मोह पडेल. 'बुंदहिश्न' नावाच्या पहलवी ग्रंथात कोणतं फूल कोणत्या दैवताचं याची यादी आहे, आणि त्यात यास्मीन साक्षात अहुर मझ्दाच्या वाट्याला आलं आहे. हे सापडलं की वाटतं, मिळाला पुरावा! नाही मिळाला. बेल शंकराला वाहतात म्हणून 'बेल' या शब्दाचा अर्थ शंकर होत नाही. ग्रंथ फुलाबद्दलची श्रद्धा सांगतो, शब्दाचा अर्थ सांगत नाही. संशोधनात सगळ्यात जास्त घसरण इथेच होते. संदर्भ खरा असतो, पण तो आपल्या विधानाचा नसतो.

मला या याद्यांची चीड येते ती चुकीमुळे नाही. चुका कोशांतही असतात. पण कोशात विधानाच्या मागे वाट दिसते, तिच्यावरून मागे चालत जाता येतं. यादीत वाट पुसलेली असते. मग एक यादी दुसरीवरून उतरवली जाते, दुसरीवरून तिसरी, आणि तुम्ही म्हणता 'दहा ठिकाणी हेच लिहिलंय'. दहा ठिकाणी लिहिलंय म्हणजे दहा साक्षीदार नाहीत. एकच साक्षीदार दहा खिडक्यांतून बोलतोय. तुमच्या रिव्ह्यूमध्ये एकाच जुन्या पेपरचा आकडा दहा पेपरांनी उचललेला असतो तेव्हा हेच झालेलं असतं.

याद्यांच्या बाजूने एक गोष्ट मात्र मान्य करायला हवी. आईबाप नाव ठेवतात ते व्युत्पत्ती बघून नाही. त्यांचा हेतू हाही एक अर्थच असतो, आणि कधी कधी तोच सगळ्यात जड असतो. हे आमच्या सातारा जिल्ह्याला कुणी शिकवायला नको. मुलगा हवा असताना मुलगी झाली म्हणून 'नकुशी' नाव ठेवलेल्या २८५ मुलींना ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात जाहीर कार्यक्रमात नवीन नावं दिली गेली. त्या नावाची व्युत्पत्ती शोधायला कोश लागत नव्हता. शाळेत हजेरी घेताना रोज तो अर्थ उच्चारला जायचा. तेव्हा 'नावात काय आहे' म्हणून हा विषय उडवून लावू नका. पण हेतू, कोशातला अर्थ आणि शब्दाचा इतिहास हे तीन वेगळे प्रश्न आहेत. नकुशीमध्ये तिन्हींचं उत्तर एकच निघतं. जाईमध्ये तसं नाही. तिथे हेतू असतो फुलासारखी नाजूक, सुगंधी मुलगी. कोश सांगतो विशिष्ट वेल. आणि इतिहासात मागे गेलं की 'जाती', ज्याचे जन्म, कूळ, प्रकार असेही अर्थ आहेत. उजवीकडच्या एका रकान्यात हे तिन्ही कोंबले की जो अर्थ सोयीचा तोच उरतो.

बहिणीला मी जे कळवलं ते सांगतो, कारण यादीत ते कधीच सापडलं नसतं. अमरकोशात जातीचे समानार्थी शब्द दिलेत, त्यात 'सुमना' आहे आणि 'मालती' आहे. आणि कोरेगावातल्या तिच्या आजीचं नाव मालती. म्हणजे जाई हे नाव ठेवलं तर ते आजीचंच नाव, फक्त प्राकृताच्या अंगणातून आलेलं. हास्मीन ठेवलं तर फुलाचं घराणं तेच राहतं, शब्द पाहुणा असतो. दोन्ही छान आहेत. पण 'एकच शब्द' म्हणून ठेवायचं असेल तर ते कारण टिकत नाही.

तुम्हाला हे स्वतः करून बघायचं असेल तर घरबसल्या होतं. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश, १८५७ ची दुसरी आवृत्ती, आणि टर्नरचा भारतीय आर्यभाषांचा तौलनिक कोश हे दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट शोधता येतात. कृ. पां. कुलकर्णींचा 'मराठी व्युत्पत्ति कोश' १९४६ चा. त्यातली प्रत्येक व्युत्पत्ती आज टिकतेच असं नाही, म्हणून टर्नर शेजारी उघडा ठेवा. स्पॅनिश शब्दासाठी तिथल्या राजभाषा अकादमीचा कोश नुसतं मूळ देत नाही, मधल्या पायऱ्याही देतो. आणि वनस्पतीसाठी थिओडोर कुक यांचा मुंबई इलाख्याचा फ्लोरा, विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा. त्यात स्थानिक नावंही नोंदवली आहेत.

पण कोश उघडण्याआधी वेल बघा. जाईचं पान संयुक्त असतं, एका देठावर पाच, सात, नऊ पर्णिका, आणि कळीला बाहेरून गुलाबी झाक. जुईचं मधलं पान मोठं आणि देठाशी दोन बारीक कान. म्हणूनच तिचं शास्त्रीय नाव जास्मिनम ऑरिक्युलेटम, म्हणजे कानवाली. मोगऱ्याचं पान साधं, अखंड. आणि नर्सरीत जाऊन 'मालती द्या' म्हणालात तर बहुतेक वेळा मधुमालती हातात पडेल, लाल-गुलाबी फुलांचे घोस येणारी. ती जास्मिनच्या कुळातलीसुद्धा नाही. अमरकोशातली मालती हवी असेल तर जाईच मागा.