अच्युत पोतदार : दुय्यम भूमिकांचे मोल

पिंपरीच्या संत तुकाराम नगरात आचार्य अत्रे रंगमंदिर आहे आणि भोवती कारखान्यांचा परिसर. पाळी संपवून तालमीस जाणारा नट अशा परिसरास अपरिचित नसतो. तथापि नोकरी सांभाळून अभिनय करणाऱ्याचा विचार आपली समीक्षा 'हौशी' या एका विशेषणात उरकून टाकते. हे विशेषण किती तोकडे आहे, ते अच्युत पोतदार यांच्या कारकीर्दीवरून ध्यानात येते.

पोतदारांचा जन्म १९३४ साली जबलपूर येथे झाला. रीवा येथे अध्यापन, त्यानंतर सैन्यदल, तेथून १९६७ मध्ये कॅप्टन म्हणून निवृत्ती आणि पुढे सुमारे पंचवीस वर्षे इंडियन ऑइलमधील नोकरी, असा त्यांचा मार्ग होता. चित्रपटात ते आले ते चाळिशी उलटल्यावर. 'आक्रोश' (१९८०), 'अर्धसत्य' (१९८३), 'परिंदा' (१९८९) हे चित्रपट त्यांनी नोकरीत असतानाच केले. 'भारत एक खोज' ही दूरदर्शन मालिकाही त्याच काळातील.

प्रेक्षकांच्या स्मरणात मात्र राहिला तो 'थ्री इडियट्स' (२००९) मधील प्राध्यापक. वस्तुतः हा प्रवेश नायकाच्या वाक्चातुर्यासाठी रचलेला आहे. प्राध्यापक उपहासास पात्र ठरावा, एवढीच संहितेची अपेक्षा दिसते. पोतदार त्याला विदूषक करीत नाहीत. साध्या शब्दांतील व्याख्या नाकारणारा हा मनुष्य नायकाने पुस्तकाचे लांबलचक वर्णन करताच स्वतःच गोंधळतो. परंतु त्याच्या त्राग्यामागे वर्षानुवर्षे तोच पाठ शिकविल्याचा थकवा जाणवतो. वर्गाचा धाक आवाज चढविल्याने निर्माण होत नाही, तो गृहीत धरलेला असतो, हे मर्म येथे नेमके साधले आहे. ज्याने स्वतः वर्ग घेतले, हुकूम दिले आणि पाळले, कचेरीतील उतरंड जवळून पाहिली, त्याला अधिकाराचा अभिनय करावा लागत नाही. नोकरीतील वर्षे ही या नटाची अभिनयशाळाच होती, असे आम्हांस वाटते.

यावर आक्षेप संभवतो. वडील, प्राध्यापक, अधिकारी अशा एकाच साच्यात ते फिरले, हे खोटे नाही. पण तो दोष नटापेक्षा त्यांच्याकडे अधिक न मागणाऱ्या दिग्दर्शकांचा आहे. विस्ताराने वावरण्याची संधी त्यांना मिळाली ती मराठी दूरचित्रवाणीवर, आणि तीही वयाच्या पंचाऐंशीव्या वर्षी. २०२० मध्ये सुरू झालेल्या 'माझा होशील ना' या मालिकेतील अप्पा घरातला वडीलधारा, म्हणजे साचा तोच. परंतु दररोजच्या भागांमुळे नटाला घाई उरली नाही. एका प्रवेशात सारे व्यक्तिमत्त्व उभे करण्याची दीर्घकाळची सक्ती सुटली आणि त्यांच्या अभिनयातील मार्दव प्रथमच मोकळेपणाने दिसले. १८ ऑगस्ट २०२५ रोजी ठाण्यात त्यांचे निधन झाले, तेव्हा पुष्कळ मृत्युलेखांचा आरंभ त्या प्राध्यापकाच्या एका वाक्यानेच झाला. अप्पांचा उल्लेख झालाच तर तो अखेरीस.