हरलेल्याने जपलेला डाव

अभंगांची गाथा हाताळणाऱ्याला एक अडचण चांगली ठाऊक असते. गाथेच्या शेवटी अकारविल्हे सूची असते, पण ती अभंगाच्या पहिल्या चरणाची. कीर्तनातून मनात राहिलेला चरण बहुधा मधला किंवा शेवटचा असतो. अभंग पुस्तकात आहे, आपल्याला अर्धामुर्धा पाठही आहे, आणि तरी सापडत नाही. मग एखाद्या जुन्या टाळकऱ्याला गाठावे लागते. त्याच्याजवळ सूची नसते, चाल असते. चालीच्या आधाराने तो मागे मागे जातो आणि पहिला चरण काढून हातात ठेवतो.

ऑनलाइन खेळांतली ‘मॅच हिस्टरी’ साहित्याच्या नियतकालिकात चर्चेला घ्यावीशी वाटते ती या अडचणीमुळे. लाखो माणसे रोज काही ना काही खेळतात, खेळलेले सारे आपोआप नोंदले जाते, आणि त्यांतल्या कुणाला दोन वर्षांपूर्वीची एखादी मॅच पुन्हा पाहावीशी वाटली की तो त्या यादीपुढे गाथेच्या वाचकासारखाच अडून बसतो. ही यादी हा एक लेखनप्रकार आहे. तिच्यावर लेखकाचे नाव नाही एवढ्यावरून ती लेखन ठरत नाही असे नाही. ती काय टिपते, काय गाळते, कोणत्या क्रमाने लावते यात एक दृष्टी असते, आणि दृष्टी आली की समीक्षाही आली.

‘डोटा २’ घेऊ. वाल्व्ह कंपनीचा हा खेळ रीतसर आला २०१३ साली. पाच विरुद्ध पाच. प्रत्येकाने शंभरहून अधिक ‘हिरों’मधून एक निवडायचा आणि प्रतिपक्षाच्या तळातली ‘एन्शंट’ नावाची मुख्य वास्तू पाडायची. एक मॅच बरेचदा पाऊण तास चालते. संपली की तिला एक क्रमांक मिळतो, हल्ली तो दहा आकडी असतो, आणि तिचे एक पान तयार होते. दहा खेळाडू, दहा हिरो, कोणी किती मारले, किती वेळा मेला, किती वेळा मारायला हातभार लावला, मिनिटाला किती सोने मिळवले, शेवटी झोळीत कोणत्या वस्तू होत्या. यादी हिरोप्रमाणे गाळून घेता येते, रँक्ड आणि साध्या मॅच वेगळ्या काढता येतात.

आता खेळणारा काय आठवून शोधतो ते पाहा. त्याला आठवते ती ‘सगळे हरलो हरलो म्हणत होते आणि आपल्यातल्या एकाने एकट्याने तळ धरून ठेवला’ ती मॅच. किंवा माइकवर कुणीतरी हसत सुटला होता ती. किंवा ज्या रात्री मित्र शेवटचा एकत्र खेळले, दुसऱ्या दिवशी एकाला नोकरीसाठी दुसऱ्या गावी जायचे होते, ती. यांतल्या एकाही गोष्टीला रकाना नाही. शोध लागतो तो आडून आडून: तेव्हा मी अमुक हिरो खेळत असे, पावसाळा होता, मॅच तासाहून लांबली होती. म्हणजे पुन्हा टाळकऱ्याचीच रीत.

मराठीत हिशेबाच्या वहीला रोजकीर्द म्हणतात आणि लढाईच्या सांगण्याला बखर. रोजकीर्दीत तारीख, रक्कम, जमा, खर्च. बखरीत अतिशयोक्ती असते, पक्षपात असतो, कालविपर्यासही असतो, पण कोण कोणाला काय म्हणाले हे असते. इतिहासकारांनी बखरींना झोडपले आणि रोजकीर्दीला, पत्रांना, कागदांना मान दिला. ते इतिहासलेखनासाठी योग्यच होते. पण मॅचचे पान ही निव्वळ रोजकीर्द आहे, आणि खेळाडू मात्र एकमेकांना सांगतात ती बखर. दोन्हींत दुवा कुठेच नाही. हा या लेखनप्रकाराचा पहिला दोष.

दुसरा दोष अधिक गंभीर आहे, कारण तो निर्दोष आकड्यांच्या वेषात येतो. डोटात पाच जणांपैकी एकदोघे ‘सपोर्ट’ असतात. त्यांचे काम इतरांना वाढू देणे. अंधाऱ्या नकाशावर ते ‘वॉर्ड’ रोवतात, म्हणजे टेहळणीचे खुंट. त्यांच्यामुळे शत्रू कुठून येतो ते बाकीच्यांना दिसते. पूर्वी हे वॉर्ड ते स्वतःच्या अपुऱ्या सोन्यातून विकत घेत. चांगल्या जागी रोवलेल्या एका वॉर्डमुळे मॅच फिरते. स्कोअरबोर्डावर मात्र हा माणूस दोन मारले, अकरा वेळा मेला, असा दिसतो. पान वाचणाऱ्याला तो संघाचे ओझे वाटतो. घरकामाची मोजदाद न करणाऱ्या खानेसुमारीसारखा हा प्रकार आहे. ‘ओपनडोटा’सारख्या बाहेरच्या सेवा रिप्लेची फाइल उलगडून वॉर्ड कुठे रोवले ते दाखवतात, हे खरे. पण त्यासाठी फाइल असावी लागते, आणि साध्या मॅचची फाइल कंपनी थोडेच दिवस ठेवते. नंतर उरतात आकडे. मारामारीची नोंद कायमची, टेहळणीची तात्पुरती.

याच खेळातली सर्वांत गाजलेली एक खेळी बघा. २०१३ मध्ये सिएटलला ‘द इंटरनॅशनल’ या स्पर्धेच्या अंतिम फेरीत अलायन्स आणि नावी हे संघ दोन-दोन अशा बरोबरीत होते. पाचव्या डावात अलायन्सच्या एस-फोर या खेळाडूने ‘पक’ या हिरोची ‘ड्रीम कॉइल’ टाकली आणि तळ वाचवायला परत जाऊ पाहणाऱ्या प्रतिस्पर्ध्यांचे परतणे मोडले. तळ पडला, अलायन्स जिंकले, आणि बक्षिसाच्या रकमेवरून त्या खेळीला ‘दहा लाख डॉलरची कॉइल’ असे नाव पडले. स्कोअरबोर्ड काय सांगेल? काहीच नाही. ‘परत जाऊ दिले नाही’ असा रकाना नसतो. ही खेळी जगली ती व्हिडिओमुळे आणि त्याहून जास्त समालोचकांच्या ओरडण्यामुळे. म्हणजे बखरीमुळेच.

उलट बाजूचेही उदाहरण आहे. त्याच वर्षी एका व्यावसायिक खेळाडूने स्वतःच्या संघाविरुद्ध पैज लावली. जिंकायची रक्कम होती ३२२ डॉलर. ते उघडकीस आले, बंदी आली, पुढे ती कमी झाली, आणि तो नंतर मोठ्या संघाचा कर्णधारही झाला. पण ‘३२२’ हा आकडा भाषेत शिरला. आजही कुणी मॅचमध्ये हास्यास्पद चूक केली की प्रेक्षक नुसते ‘३२२’ लिहितात. एका अंकाचा असा शब्द होणे मराठी माणसाला नवे नाही. ‘छत्तीसचा आकडा’ आपल्याकडे कधीपासून आहे. मुद्दा असा की त्या मॅचची नोंद पाहिली तर ती एक साधी हार आहे. तिचा अर्थ पूर्णपणे नोंदीबाहेर राहतो, आणि नोंद अगदी अचूक असूनही खोटी ठरते.

रिप्लेबद्दल थोडे सविस्तर लिहायला हवे, कारण तिथे हा विषय आपल्या नाट्यसमीक्षेच्या फार जवळ येतो. ‘स्टारक्राफ्ट’ या १९९८ च्या खेळात रिप्लेची सोय २००१ साली आली. ती फाइल म्हणजे चित्रफीत नव्हती. तिच्यात फक्त आज्ञा होत्या: अमुक क्षणी या खेळाडूने या सैनिकाला तिकडे पाठवले. बाकी सगळे, चालणे, गोळीबार, मरणे, खेळ स्वतः पुन्हा घडवून आणतो. आपल्या शब्दांत सांगायचे तर फाइल ही संहिता आणि दर वेळचे पाहणे हा प्रयोग. पण हा प्रयोग फक्त त्याच रंगमंचावर होतो. खेळाची आवृत्ती बदलली, एखाद्या तोफेचा मारा किंचित कमी केला, की संहिता तीच राहून नाटक भलतेच होते. जी लढाई जिंकली होती ती रिप्लेमध्ये हरलेली दिसते, आणि सैन्य नसलेल्या शत्रूवर चालून जाते. जुन्या दशावताराची संहिता हाती असून खेळ्यांची परंपरा तुटलेली असावी तशी ही अवस्था. (दशावतारात मुळात लेखी संहिताच नसते, संवाद ऐनवेळी रचले जातात, हे मला ठाऊक आहे, तेवढ्यापुरती उपमा लंगडी आहे.)

आणि आता मला सर्वांत आवडणारा तपशील. ‘वॉरक्राफ्ट ३’ या खेळात, ज्याच्या पोटातून मूळ डोटा जन्मला, मॅच संपली की संगणकावर एक फाइल तयार होई. तिचे नाव ‘लास्टरिप्ले’. पुढची मॅच खेळली की तीच फाइल पुसून नवी बसे. मॅच जपायची असेल तर पुढचा डाव सुरू करण्याआधी तिला नाव द्यावे लागे. हे नाव देणे हीच समीक्षेची पहिली कृती होती. ‘काल रात्रीची’, ‘मोठी परतफेड’, ‘हे बघ रे’ अशी नावे. मेमरी कार्डावर, पेन ड्राइव्हवर ही नावे हिंडत. ज्याला नाव मिळाले नाही ते गेले. आजच्या यादीत काहीच जात नाही, आणि नाव कशालाच नाही. पुसले जाण्याच्या धास्तीने माणूस निवडायचा; आता निवडण्याची वेळच येत नाही. हे मी जुन्याच्या प्रेमाने म्हणत नाही. त्या काळात कितीतरी चांगल्या मॅच निव्वळ आळसामुळे गेल्या असणार. पण सूचीत शोधण्याजोगे जे काही असते ते कुणीतरी आधी नाव दिल्यामुळे असते, हे त्या फाइलने दाखवले.

सगळे ठेवायचेच असेल तर कसे, याचे उत्तम उदाहरण ‘लिचेस’. बुद्धिबळाचे हे मुक्त संकेतस्थळ थिबो द्युप्लेसी यांनी २०१० मध्ये सुरू केले, आणि जानेवारी २०१३ पासूनचे रेटेड डाव ते दर महिन्याला सर्वांसाठी खुले करते. अब्जावधी डाव. बुद्धिबळाची संहिता इतकी आटोपशीर आणि रंगमंच इतका स्थिर की आवृत्तीचा प्रश्नच येत नाही. एप्रिल २०१७ पासून प्रत्येक खेळीसोबत घड्याळातली उरलेली वेळही नोंदली जाते, आणि माझ्या मते ही लिचेसची खरी साहित्यिक देणगी आहे. चाल वाचली की काय झाले ते कळते. वेळ वाचली की माणूस कुठे थबकला ते कळते. सतराव्या खेळीवर चार मिनिटे गेली आणि पुढच्या सहा खेळ्या दोन-दोन सेकंदांत झाल्या, तर त्या चार मिनिटांत सगळा डाव मनात खेळून झाला होता. कवितेतल्या यतीची नोंद ठेवावी तसे हे आहे. तरीही यांतल्या सुमारे ६ टक्के डावांवरच संगणकी विश्लेषणाची खूण आहे. उरलेले तिथल्या यंत्रानेही वाचलेले नाहीत.

नोंद कोणाची, हाही प्रश्न आहे. समोरासमोरच्या बुद्धिबळ स्पर्धेत खेळाडू स्वतःच्या हाताने चाली लिहितो, पण फिडेच्या नियमांप्रमाणे तो कागद आयोजकांच्या मालकीचा. डोटात दहांपैकी एकाने आपली माहिती उघड न करण्याचे ठरवले तर बाहेरच्या पानांवर नऊ नावे आणि एक अनामिक दिसतो; हा पर्याय मला रास्त वाटतो. आणि कंपनीने खेळच बंद केला तर मालकीचा वाद घालायलाही कुणी उरत नाही. ‘हीरोज ऑफ न्यूअर्थ’ हा डोटाचा भाऊबंद खेळ जून २०२२ मध्ये बंद झाला. त्यावर बारा वर्षे घालवलेल्यांच्या हाती त्यांनी स्वतः वेगळे काढून ठेवले तेवढेच राहिले.

‘कॉम्पिटिटिव्ह’ म्हणून वेगळी काढलेली यादी हाच महत्त्वाचा ग्रंथ, बाकीचे किरकोळ, असे मानणाऱ्यांनी १८५१ चे लंडन आठवावे. पहिली आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ स्पर्धा तेथे झाली आणि अँडरसन जिंकला. त्या स्पर्धेतले डाव आज अभ्यासकांपलीकडे कुणी उघडत नाही. अँडरसन आणि कीझेरित्स्की यांनी स्पर्धेबाहेर, सहज म्हणून खेळलेला एक डाव मात्र जगभर पाठ आहे. अँडरसनने उंट, दोन्ही हत्ती आणि वजीर बळी देऊन मात केली. चार वर्षांनी फाल्कबीरने त्याला ‘अमर’ हे नाव दिले. आजच्या यादीत तो ‘अनरेटेड’ म्हणून गाळणीतून खाली पडला असता. तो पॅरिसला कळवला आणि आपल्या ‘ला रेजांस’ या मासिकात छापला कीझेरित्स्कीने, म्हणजे जो हरला होता त्याने.

लिचेसवर डावाशेजारी टिपणासाठी एक चौकट असते. तिच्यात लिहिलेले फक्त लिहिणाऱ्याला दिसते.