सरासरी बारा, पण कोणत्या कापसाची?

सरासरीवरच्या शाब्दिक उदाहरणांचा एक साचा ठरलेला आहे. तीन चाचण्यांचे गुण दिलेले असतात. सरासरी अमुक होण्यासाठी चौथीत किमान किती हवेत, ते काढायचे. इंग्रजी पुस्तकांत त्याच जागी पोहण्याचा तलाव येतो. पाण्याच्या सामूची सरासरी ७.२ ते ७.८ राहावी, दोन नोंदी दिल्या आहेत, तिसरी सांगा. जळगाव-धुळ्याच्या वर्गात हा तलाव परका वाटणारच. पण माझी तक्रार तलावाबद्दल नाही, उत्तराच्या शेवटच्या ओळीबद्दल आहे. तलाव काढून कापूस घातला म्हणून ती ओळ सुधारत नाही.

पाहा ना. हमीभावाच्या कापूस खरेदीत ओलाव्याची मर्यादा ८ ते १२ टक्के असते. ८ च्या वर गेले की त्या प्रमाणात भाव उतरतो, १२ च्या वर माल घेत नाहीत. चोपडा, शिरपूरकडच्या मुलांना हे घरीच ऐकून ठाऊक असते. समजा, निर्णय तीन नोंदींच्या सरासरीवर होतो आणि पहिल्या दोन नोंदी १२.६ व ११.९ आहेत. तिसरी क्ष मानू.

८ ≤ (१२.६ + ११.९ + क्ष) ÷ ३ ≤ १२
२४ ≤ २४.५ + क्ष ≤ ३६
−०.५ ≤ क्ष ≤ ११.५

साच्यातले उदाहरण इथे संपते. खाली दुहेरी रेघ. उणे अर्धा टक्का ओलावा म्हणजे काय, हे कोणी विचारत नाही! बीजगणिताने आपले काम चोख केले, पण कापसाला ते माहीत नाही. शिवाय ८ च्या खालचा कोरडा कापूस कोणी ओला म्हणून परत पाठवणार नाही. म्हणजे डावी असमानता मुळात निर्णयाची नव्हतीच. साच्यात दोन्ही बाजू लागतात म्हणून ती आली.

उजव्या बाजूला दशांशाची गंमत आहे. तिसरी नोंद ११.६ आली तर बेरीज ३६.१ आणि सरासरी १२.०३३… होते. एका दशांश स्थळापर्यंत लिहिली तर १२.०. मग माल बसला की नाही? आधी तुलना करून मग पूर्णांकन करणारा ‘नाही’ म्हणेल, आधी पूर्णांकन करणारा ‘हो’ म्हणेल. पुस्तकाने यांतले काय करायचे ते सांगितलेले नसते, आणि गुण मात्र एकालाच मिळतात.

सर्वांत मोठी चूक वेगळीच आहे. तीन नोंदी तीन ढिगांच्या असतील आणि ढीग २०, ५ व ५ क्विंटलचे असतील, तर? तिसरी नोंद अगदी ११.५ धरू.

(२० × १२.६ + ५ × ११.९ + ५ × ११.५) ÷ ३० = ३६९ ÷ ३० = १२.३

साध्या सरासरीने काठावर बसलेला माल वजने धरताच बाहेर जातो. उदाहरणात वजने नव्हतीच, म्हणून कोणी चुकले असेही म्हणता येत नाही.

वर्गात हे उदाहरण द्यायचे तर वजनांचा रकाना कोरा ठेवून द्यावा आणि मुले तो मागेपर्यंत थांबावे. जामनेर-शिंदखेड्याकडे फार वेळ थांबावे लागणार नाही.