संस्था कोणाची? दमयंती नारंगा निकालाचे पुनर्वाचन

आपल्या शिक्षणसंस्थांत शासकीय हस्तक्षेपाचा विषय निघाला की संविधानाचे कलम ३० पुढे केले जाते. ते योग्यच आहे; परंतु त्या भरात कलम १९(१)(ग), म्हणजे संघ स्थापन करण्याचा मूलभूत हक्क, बाजूला पडतो. या हक्कावरील एक पायाभूत निकाल, दमयंती नारंगा विरुद्ध भारत सरकार (१९७१), हिंदी साहित्य संमेलनाच्या प्रकरणात लागला. उर्दूच्या अध्यापकाला याची गंमत वाटल्याशिवाय राहत नाही. भाषावादात जी संस्था आपल्या समोरच्या बाजूस उभी होती, तिच्याच खटल्याने अंजुमनांनाही आधार मिळवून दिला.

१९१० साली स्थापन झालेली ही संस्था १८६० च्या सोसायटी नोंदणी कायद्याखाली नोंदलेली होती. सभासदांत तट पडले, तेव्हा उत्तर प्रदेश शासनाने १९५६ साली कायदा केला. तो उच्च न्यायालयात टिकला नाही. पुढे १९६२ साली संसदेने कायदा करून संमेलनास राष्ट्रीय महत्त्वाची संस्था ठरविले. या गौरवाआड खरी गोष्ट अशी होती की, जुन्या सभासदांना न विचारता नवे सभासद आत आणले जाणार होते. सर्वोच्च न्यायालयाने तोही कायदा रद्द केला. न्या. भार्गव यांचा युक्तिवाद साधा आहे. संघ स्थापन करण्याचा हक्क स्थापनेच्या दिवशीच संपत नाही. ज्यांना स्वेच्छेने सभासद करून घेतले त्यांच्यासहच पुढे चालण्याचा हक्कही त्यात येतो. कलम १९(४) मधील निर्बंधांची कारणे मोजकी आहेत: देशाचे सार्वभौमत्व व अखंडता, सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता. 'कारभार सुधारणे' हे कारण त्यांत नाही.

येथपर्यंत निकाल भक्कम आहे. मात्र तो संघाचे रक्षण करतो, संघाने उभारलेल्या वास्तूचे नव्हे. बिहार शासनाने ल. ना. मिश्र संस्था ताब्यात घेतली, त्या प्रकरणात १९८८ साली हा भेद स्पष्ट झाला. संस्था चालविणाऱ्या मंडळाच्या सभासदत्वाला धक्का लागलेला नाही, म्हणून दमयंती नारंगा निकाल लागू होत नाही, असे न्यायालयाने म्हटले. मंडळ राहिले, महाविद्यालय गेले! हा भेद तर्काला पटतो, न्यायाला पटत नाही. ज्या कामासाठी माणसे एकत्र आली ते कामच काढून घेतल्यावर उरलेल्या सभासदयादीचे काय करायचे?

कलम ३० चे महत्त्व येथे कळते, कारण ते स्थापनेबरोबर 'प्रशासन' हा शब्दही वापरते. पण 'स्थापना कोणाची' या प्रश्नावर तेही अडले होते. अझीझ बाशा निकालाने (१९६७) अलीगढ विद्यापीठ १९२० च्या कायद्याने स्थापन झाले, समाजाने नव्हे, असे ठरविले. सात न्यायाधीशांच्या पीठाने ८ नोव्हेंबर २०२४ रोजी चार विरुद्ध तीन मतांनी तो निकाल मोडीत काढला. कायदा झाला एवढ्यावरून संस्थापक समाजाचे नाव पुसले जात नाही. संस्थेमागे कल्पना कोणाची, पैसा कोणाचा, खटपट कोणाची, हे पाहावे लागते. विद्यापीठाच्या दर्जाचा प्रत्यक्ष निर्णय मात्र त्या पीठाने नियमित पीठावर सोपविला.

ही खटपट सिद्ध कशाने होणार? जुन्या इतिवृत्तांनी, वर्गणीच्या पावत्यांनी, सभासद नोंदवहीने. आपल्याकडे नेमका येथेच दुष्काळ आहे. बेळगाव भागातील संस्थांना लागू असलेल्या कर्नाटकाच्या १९६० च्या कायद्यात कलम २७-अ अन्वये शासनाला प्रशासक नेमता येतो, आणि मुदत संपूनही निवडणूक न झालेली कार्यकारिणी त्याला आयते निमंत्रण देते. वर्षानुवर्षे एकही नवा सभासद न घेणारे आणि सर्वसाधारण सभा कागदावरच उरकणारे विश्वस्त न्यायालयात 'स्वेच्छेने एकत्र आलेले सभासद' म्हणून कोणाला उभे करणार? अध्यापकांनी हा प्रश्न आपापल्या संस्थेच्या कार्यालयात जाऊन विचारावा, आणि नोंदवही पाहायला मागावी.