‘बनगरवाडी’ सुरतेत वाचताना

व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ १९५५ साली पुस्तकरूपाने आली. माणदेशच्या माळावरील धनगरांच्या त्या वाडीचा गौरव आजवर पुष्कळ झाला. १९५८ मध्ये ती इंग्रजीत गेली, १९९५ मध्ये अमोल पालेकरांनी तिच्यावर चित्रपट केला. तो गौरव रास्तच आहे. परंतु तिच्या शेवटाविषयी आम्हांस थोडे निराळे म्हणावयाचे आहे.

मोठे प्रसंग रचण्याचा सोस नसणे हेच लेखकाचे सामर्थ्य होय. कारभाऱ्याचा शब्द वाडीत चालतो. आनंदा रामोशी चोर खरा, पण वाडीचाच. कोवळ्या वयाच्या राजाराम मास्तराकडे वाडी आधी संशयाने पाहते आणि मग आपली कागदपत्रे व कज्जे त्याच्यापुढे आणून टाकते. शेकूला एकच बैल. दुसऱ्याच्या जागी त्याची बायको जू खांद्यावर घेते. येथे लेखक हळहळत बसत नाही, म्हणूनच वाचक हळहळतो.

तालमीचा भाग आम्हांस सर्वांत मोलाचा वाटतो. जी माणसे सहसा एकत्र येत नाहीत, ती दगडमाती वाहतात आणि औंधचे राजेसाहेब उद्घाटनास येतात. देवळाचा जीर्णोद्धार ज्यांनी वर्गणीने व अंगमेहनतीने तडीस नेला आहे, त्यांना यातील रुसवेफुगवे नि आनंद समजावून सांगावयास नकोत.

मग दुष्काळ येतो. वाडी उठते, मास्तरही जातो. फिनलंडच्या अलेक्सिस किवीच्या ‘सात भाऊ’ (१८७०) या कादंबरीतले भाऊ मुळाक्षरांच्या जाचाला कंटाळून रानात पळतात. पण रानातच अक्षरे गिरवून अखेर घरी परततात. त्यांचे जाणे हट्टाचे होते. बनगरवाडीचे जाणे पोटाचे आहे, आणि परतीबद्दल लेखक मौन पाळतो.

हे मौन कलात्मक म्हणून वाखाणले जाते. सुरतेत ते आम्हांस टोचते. उधना-लिंबायतच्या मागांवर राबणारी कितीतरी कुटुंबे ताप्ती खोऱ्याच्या रेल्वेने खानदेशातून आली; त्यांच्याही मागे अर्धी रिकामी गावे आहेत. मास्तर निघाला म्हणून गोष्ट संपली, हे निवेदकाच्या सोयीचे झाले. वाडीतली माणसे कोठे उतरली, तेथे कोणी त्यांना आपले म्हटले का, हे विचारणारी दुसरी कादंबरी माडगूळकरांच्याच तोलाच्या लेखणीतून उतरावयास हवी होती. आम्ही ती अजून शोधतो आहोत.