घड्याळावरच्या खुणा

एमा डोनह्यूची 'द पुल ऑफ द स्टार्स' ही कादंबरी हातात घ्याल, तेव्हा एक प्रश्न सोबत ठेवा: जे वाचले, त्यांचं पुढे काय झालं?

डब्लिन, १९१८. आयर्लंडमध्ये सुमारे २३ हजार बळी घेणारी फ्लूची साथ. आपल्याकडे हिलाच 'मानमोडी' म्हणायचे. नावातच शरीर आलं. फ्लू झालेल्या गरोदर बायकांच्या इवल्याशा वॉर्डात नर्स ज्युलिया पॉवर तीन दिवस राबते. कादंबरीचे चार भाग: लाल, तपकिरी, निळा, काळा. ऑक्सिजन कमी पडत जातो तसा रुग्णाचा चेहरा या रंगांतून जातो.

डोनह्यू शरीरं फार बारकाईने वाचते. एकामागोमाग एक बाळंतपणांनी झिजलेली बाई, अनाथाश्रमात वाढलेली, स्वतःचं नेमकं वयही माहीत नसलेली ब्रायडी. यांच्या अंगावरून तुम्हाला अख्खा आयरिश समाज कळतो. युद्धाचा मागमूसही आहे: ज्युलियाचा भाऊ टिम रणांगणावरून परतलाय आणि बोलतच नाही.

मग विषाणूचाच मागमूस का नाही? ज्युलियाला स्वतःला फ्लू होऊन गेलाय. पण कादंबरीला त्याचा उपयोग मुख्यतः एवढाच, की आता ती न घाबरता वॉर्डात वावरू शकते. होऊन गेला, म्हणजे संपला!

असं नसतं, हे कोविडनंतर आपल्यातल्या अनेकांना ठाऊक आहे. माझे केस तिसऱ्या महिन्यात मुठीमुठीने गळायला लागले. एक जिना चढला की छाती धडधडायची. रिपोर्ट मात्र नॉर्मल. तेव्हा मला इतिहासात सोबत हवी होती. ती मिळाली कॅथरीन ॲन पोर्टरकडे. १९१८च्या फ्लूतून ती मरता मरता वाचली. केस गळले आणि नवे आले ते पांढरे. १९३९च्या 'पेल हॉर्स, पेल रायडर'मधली तिची नायिका बरी होते, पण पूर्वीच्या जगात परतू शकत नाही.

तीन दिवसांच्या कथेत पुढचे महिने मावणार नाहीत, हे मान्य. पण ज्युलिया, टिम यांच्या मागचे महिने मावलेच ना? ज्युलिया दगावलेल्या प्रत्येक आईसाठी आपल्या घड्याळावर एक खूण कोरते. कादंबरी जरूर वाचा, ती खूण विसरता येत नाही. फक्त बरं होऊन घरी गेलेल्या बाईसाठी त्या घड्याळावर जागा नाही, आणि साथीच्या बहुतेक नोंदवह्यांतही नव्हती. नोंदवहीने सोडलेली जागा भरणं हेच तर ऐतिहासिक कादंबरीचं काम असतं.