पाण्याचा माग

वर्षभर आमच्या घरात सर्वांत आधी जागा होई तो आजोबांचा हातमाग. धोट्याची ये-जा, फणीचा ठोका, पावड्यांची करकर, एवढ्या आवाजावर आम्ही मुले घटका मोजत असू. फक्त नरकचतुर्दशीच्या पहाटे तो गप्प असे, आणि त्या शांततेनेच आम्हांला जाग येई. हे आधीच सांगून टाकतो. कारण ज्या मागाविषयी आज लिहायचे आहे त्याच्याकडे मी तटस्थपणे पाहू शकेन, असा माझा दावा नाही.

हा माग कागदावरचा आहे. रेमों रूसेल या फ्रेंच लेखकाच्या 'इम्प्रेशन्स ऑफ आफ्रिका' या 1910 सालच्या कादंबरीत तो येतो. एक जहाज आफ्रिकेच्या किनाऱ्यावर फुटते, उतारू तालू नावाच्या राजाच्या हाती सापडतात आणि खंडणी येईपर्यंत वेळ जावा म्हणून एका समारंभाची तयारी करतात. त्या समारंभात काय नाही? झिथर नावाचे तंतुवाद्य वाजवणारा किडा आहे. वासराच्या फुप्फुसांच्या रुळांवरून सरकणारा पुतळा आहे. आणि बेदू नावाच्या संशोधकाने नदीवर उभारलेला माग आहे. प्रवाहात बुडणारी पाती त्याला चालवतात. बेदू यंत्र सुरू करतो, पुढचे काम नदीचे. कापडावर हळूहळू चित्र उमटते ते प्रलयाचे, नोहाच्या नौकेचे.

पहिल्या वाचनात मी पुस्तक मिटून ठेवले. ही कारागिरी आहे, कला नव्हे, असे मनाशी म्हणालो. पुढे या यंत्राच्या जन्माची कथा वाचली आणि राग आणखीच वाढला. रूसेल 1933 साली वारला. आपण काही पुस्तके कशी लिहिली हे सांगणारे त्याचे पुस्तक 1935 साली, त्याच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाले. त्यात तो सांगतो की हा माग शब्दांच्या आवाजातून जन्मला. फ्रेंचमध्ये 'मेत्ये' म्हणजे धंदा, आणि मागही. 'ओब' म्हणजे पहाट, आणि पाणचक्कीचे पातेही. 'पहाटे उठावे लागणारा धंदा' आणि 'पात्यांचा माग' हे दोन्ही अर्थ एकाच शब्दसमूहात! म्हणजे नाद आणि प्रहर यांचा ताणाबाणा घालून हे वस्त्र विणले गेले.

आपल्याला यात नवल वाटू नये. मोरोपंतांनी ओठांचा स्पर्श न होणाऱ्या अक्षरांत रामायण रचले, ते याच जातीचे धाडस. आपली भाषाही या खेळाला तयार आहे. 'पाण्याचा माग' म्हणा: पाण्यावर चालणारा माग, की पाणी कुठे गेले त्याचा शोध? इंग्रजी भाषांतर वाचणाऱ्या माझ्यासारख्याला मात्र मूळचा श्लेष दिसत नाही. हाती येते ते केवळ यंत्र.

प्रश्न असा की गुपित कळल्यावर कापडाची ऊब जाते का? बऱ्याच ठिकाणी जाते, हे कबूल केले पाहिजे. रूसेलची माणसे खिळ्या-स्क्रूंसारखी आहेत. त्याची आफ्रिका ही आफ्रिका नव्हेच. तिथली माणसे युरोपीय करामतींना टाळ्या देण्यासाठी मांडलेला देखावा आहे, आणि हा दोष काळाच्या नावावर ढकलून चालणार नाही.

पण मागाचे प्रकरण मी पुन्हा वाचले, आणि एका गोष्टीपाशी थबकलो. श्लेषाने पाती दिली, माग दिला; प्रलय दिला नाही. त्या दोन शब्दांत नोहा कुठेच नाही. नदीने आपल्याच बळावर कापडात पूर विणावा, पाण्यानेच पाण्याची भयंकर आठवण काढावी, ही कल्पना आवाजाच्या योगायोगाने सुचणारी नव्हे. ती कवीची आहे. नक्षी मागात नसते, ती विणणाऱ्याच्या मनात असते, असे आजोबा म्हणत. रूसेलने विणकर काढून टाकला, असे मला वाटले होते. तो स्वतःच त्या जागी बसला होता.

आणि तरीही एक खंत उरते. त्या शब्दसमूहाचा पहिला अर्थ, पहाटे उठावे लागणारा धंदा, लेखकाने वापरला आणि टाकून दिला. अंधारात उठून पोटासाठी कामाला लागणारा माणूस त्या झगमगत्या वस्त्रात कुठेही नाही. 1912 साली या कादंबरीचे नाट्यरूप पाहून मार्सेल द्युशाँसारखा चित्रकार भारावला. प्रेक्षकांनी मात्र रूसेलच्या नाटकांची कुचेष्टाच केली. मी दोघांच्या मधे उभा आहे. यंत्र अद्भुत आहे, नक्षी अस्सल आहे, पण कापड अंगावर घेतले की पाठीवर एक जागा थंड लागते. तिथे पहाटेचा धागा हवा होता.

या दिवाळीत पहाटे उठाल तेव्हा अंगावरच्या नव्या वस्त्राचा एक धागा बोटांत धरून पाहा. तो कोणाच्या तरी पहाटेचा असेल.